समाप्तनंतरचं रीळ

दुपारचं जेवण झालं की लेकीच्या घरातल्या आतल्या खोलीत मी अर्धा तास आडवी होते. पंखा दोनवर, पडदा ओढलेला. शेजारच्या घरात कुणीतरी मिक्सरवर काहीतरी वाटत असतं. या वयात झोप अशी लागत नाही. डोळ्यांवर नुसती साय धरते. आवाज ऐकू येतात, पण ते दुसऱ्याच कुणाच्या घरातले वाटतात.

आज ती सायही धरत नाही. नुकताच सरोजवहिनींचा फोन येऊन गेला आहे.

"वन्सं, उद्या स्टेजवर बोलणार ना तुम्ही?"

"बोलणार. तुमच्या अभिजितनंच माझं नाव दिलंय."

"बोला. पण यांचं हसू होऊ देऊ नका. लोक हसतात हो. गेलेल्या माणसाला हसतात."

"बघते," मी म्हणाले.

"बघते काय, वन्सं," असं म्हणून त्यांनी फोन ठेवला.

‘यांचं’ म्हणजे माझ्या थोरल्या भावाचं, नरूदादाचं. त्याला जाऊन आठ वर्षं झाली. उद्या मिरजेत ‘मोरपंखी होडी’ दाखवणार आहेत. जुनी प्रत धुऊन-पुसून नवी केली आहे म्हणे. एकोणसाठ साली हा सिनेमा आमच्या विजयमाला टॉकीजला चौदा आठवडे चालला, आणि तो चुकीच्या क्रमानं चालला. ऑपरेटर नरूदादा होता. निमंत्रणपत्रिकेत छापलंय, ‘ऑपरेटरच्या त्या मजेशीर चुकीची आठवण’. सांगायला त्या वेळचं माणूस हवं, आणि उरले आहे मीच.

सिनेमा तसा साधा. एक नावाडी आपल्या दोन पोरांना रोज गोष्ट सांगतो आणि सांगता सांगता स्वतःच त्या गोष्टीत शिरतो. सकाळी परततो तेव्हा हातात तिथलं काहीतरी असतं. कधी सोन्याचं कणीस, कधी राक्षसाच्या जोड्याचा बंद. एकदा तो जातो आणि येतच नाही. मग पोरं ती गोष्ट आपणच पुढे सांगू लागतात, कारण गोष्ट चालू आहे तोवर बाप तिच्यात कुठेतरी आहे. नवव्या रिळात त्यांच्या सांगण्याला फळ येतं. बाप दारात उभा राहतो, पाय धुतो, जेवतो. पण गोष्ट कधीतरी संपवावीच लागते. दहाव्या रिळात पोरं ‘संपली’ म्हणतात, मोरपिसांच्या शिडाची होडी रिकामीच नदीतून निघून जाते आणि पडद्यावर ‘समाप्त’ येतं.

मिरजेत पहिल्याच खेळाला दहावं रीळ आधी लागलं. होडी गेली. समाप्त आलं. माणसं पायानं चपला चाचपत उठली. आणि तेवढ्यात दुसऱ्या मशीनवर नववं सुरू झालं. बाप दारात! माणसं उभ्या उभ्या, हातात चपला घेऊन, तो जेवून हात धुईपर्यंत बघत राहिली. तेव्हापासून सांगलीची माणसंसुद्धा सिनेमा बघायला मिरजेला येऊ लागली. मालकानं मग क्रम बदलूच दिला नाही.

त्या पहिल्या खेळाला बायकांच्या बाकांवर आमची आई बसली होती. आमचे अण्णा तीन वर्षांपूर्वी हुबळीला काम मिळतंय म्हणून गेले होते. आले नव्हते. पत्रही नव्हतं. मामा आम्हाला कायमचं निपाणीला न्यायला आला होता, ट्रंकेला दोरी बांधून झाली होती. सिनेमाहून घरी आल्यावर आईनं ती दोरी सोडली. पुढची अठ्ठावीस वर्षं ती त्याच भाड्याच्या खोलीत शिवणकाम करत राहिली, दाराला आतून कडी न लावता. शेवटी शुद्ध हरपली तरी विचारत होती, "जेवले का?"

तिच्या तेराव्याला मी नरूदादाला सगळ्या पाहुण्यांसमोर म्हणाले, "तुझ्या एका रिळानं आईचा जन्म घालवला."

तो काही बोलला नाही. त्यानंतर तीस वर्षं तो सणावाराला भेटत राहिला, माझ्या लेकीच्या लग्नात पंगती वाढत राहिला, पण त्या सिनेमाचा विषय निघाला की पाणी प्यायला उठायचा.

उद्या मी काय सांगू? गंमत?

मिक्सर थांबत नाही, त्याचा आवाज तेवढा बदलतो. घरघर जाऊन टरटर येते, एकसारखी, बारीक. पडद्याच्या फटीतून उजेडाची एक पट्टी खोलीत शिरली आहे आणि तिच्यात धूळ नाचते आहे. पट्टी माझ्या डोक्यावरून समोरच्या भिंतीवर जाते.

"सरक की जरा."

नरूदादा पलंगाच्या कडेला बसला आहे. अंगात बंडी, घामानं पाठीला चिकटलेली. केस काळेभोर, एकोणीस वर्षांच्या पोराचे. भुवया मात्र शेवटच्या दिवसांतल्या, पांढऱ्या.

"अजून लोळतीस व्हय? खेळ सुरू झाला."

"तू कसा आलास?"

"जिन्यानं."

"चौथा मजला आहे. लिफ्ट होती की."

"मला काय माहीत! आमच्या टॉकीजला कुठली लिफ्ट?" तो माझ्या गुडघ्याकडे बघतो. "चालता येतंय का, का उचलून नेऊ?"

"सत्तर किलो आहे मी."

"मग चालच."

मी उठते. गुडघा दुखत नाही, याचीच मला भीती वाटते. स्वयंपाकघरात लेकीनं ओट्यावर दुधाचं पातेलं झाकून ठेवलं आहे. त्याच्या पलीकडे, फ्रीज असतो तिथे, विजयमाला टॉकीजमधल्या बायकांच्या क्लासचं दार आहे. दाराला तोच मळकट हिरवा पडदा.

आत बाकांवर बायका दाटीवाटीनं बसल्या आहेत. कुणाच्या मांडीवर पोर, कुणाच्या ओच्यात शेंगा. पडदा काळा आहे. सगळ्या मान खाली घालून हातातल्या मोबाईलमध्ये बघत आहेत, आणि प्रत्येकीच्या तोंडावर निळा उजेड पडला आहे. तिसऱ्या बाकावर आई. तिच्या शेजारी माझी नात इरा. आई गेली तेव्हा इराचा जन्मही झाला नव्हता, तरी दोघी शाळेतल्या मैत्रिणींसारख्या खांद्याला खांदा लावून बसल्या आहेत.

"अगं पणजी, असं नाही," इरा म्हणते. "बोट टेकवायचं आणि मागे ओढायचं. बघ, आला परत."

आई बोट टेकवते. मागे ओढते. बाप दारात उभा राहतो, पाय धुतो, जेवतो. आई पुन्हा बोट ओढते. बाप जेवतो. पुन्हा ओढते. बाप जेवतो. त्याच्या ताटातला भात सरत नाही, आणि त्याच्या तोंडावर आता कंटाळा दिसू लागला आहे. आईला तो दिसत नाही.

"आई, पुरे," मी म्हणते.

"गोदे, दार लोटू नको हां," ती वर न बघता म्हणते.

"अजून बघतात लोक हा सिनेमा?" नरूदादा माझ्या कानाशी विचारतो.

"बघतात. इरानं चाळीस वेळा बघितला असेल. शेवटपर्यंत कधी जात नाही. होडी निघाली की मागे ओढते आणि बाप जेवताना बंद करून टाकते. तिच्या वर्गातल्या पोरीही तसंच करतात म्हणे."

"म्हणजे माझ्याच क्रमानं."

"हो."

तो खूश होईल असं मला वाटतं. तो होत नाही. बायकांच्या डोक्यांवरून दूर कुठेतरी बघत राहतो.

"आणि पोरींच्या आया काय म्हणतात?"

"काय म्हणणार? त्याही तसाच सांगतात. आमच्याकडे दिवे गेले की आई हाच सिनेमा सांगायची, तो समाप्तनंतरचाच. मी लेकीला सांगितला, तिनं इराला. खरा शेवट आमच्या घरात कुणाला सांगताच येत नाही. मला माहीत असून येत नाही."

बाकांमधल्या वाटेत पाणी आलं आहे. आधी घोट्याएवढं, मग पोटरीएवढं. चपला तरंगत आहेत, शेंगांची टरफलं तरंगत आहेत. मी लुगडं वर धरते. लुगडं नाही, फ्रॉक आहे. वाट रुंद होते आणि बायका दोन्ही काठांवर राहतात. आम्ही कृष्णेच्या घाटाच्या पायऱ्या उतरतो आहोत. पलीकडून कपडे आपटल्याचा आवाज येतो, आणि आपटणारं कुणी दिसत नाही.

"मी तुला बोलले होते," मी म्हणते. "तेराव्याला."

"बोललीस."

"राग आला होता?"

"राग काय. जिलेबी होती पानात. दोन वाढल्या होत्या सरोजनं. तशाच राहिल्या." तो पायानं पाणी ढवळतो. "तुला जिलेबी आवडत नव्हती का माझ्या ताटातली? उचलून खायचीस की लहानपणी."

"दादा, विषय बदलू नकोस."

"मी कुठं बदलतोय? तूच सारखी पाण्यात उतरतीस. चल वर."

घाटाच्या पायऱ्या लोखंडाच्या होतात. गोल गोल वर जाणारा अरुंद जिना, हात लावला की गंज हाताला लागतो. माझ्या हातात फडक्याची गाठोडी आहे, तिच्यातून भाकरीचा ऊनऊन वास येतो. खालून आई हाक मारते, "झुणका सांडू नको गं!" आणि मला कळतं की मी अकरा वर्षांची आहे आणि दादाचं जेवण घेऊन केबिनला चालले आहे.

केबिन तीच. भट्टीसारखी तापलेली. दोन काळी मशीनं, दिव्याच्या कार्बनच्या कांड्या जळाल्याचा उग्र वास, भिंतीत दोन चौकोनी भोकं. एका मशीनवर रीळ फिरतं आहे. जमिनीवर रिळांचे चपटे गोल डबे आहेत, झाकणांवर रंगानं आकडे घातलेले. दोनच डबे अजून बंद आहेत. नऊ आणि दहा.

"ताट कुठं आहे?" मी विचारते.

"इथं कधी ताट होतं?"

तो वाकतो. दोन्ही डब्यांची झाकणं काढतो आणि उलटी करून आमच्या दोघांच्या पुढे ठेवतो. एक त्याला, एक मला.

मला पुढचं बघायचं नाही. माझी आठवण मोठी आहे असं सगळे म्हणतात. कुणाच्या बारशाला कोणता आहेर आला, कोणत्या साली कुणाची म्हैस व्याली, सगळं मला ठाऊक असतं. लेक म्हणते, आईला विचारा, आईकडे सगळं आहे. पण ही झाकणं कुणी मला कधी विचारली नाहीत, आणि मीही त्यांच्याकडे कधी नीट वळून बघितलं नाही.

आम्ही झाकणांवर भाकरी वाढून घेतो. झुणका त्याच्या झाकणात जास्त, माझ्यात गुळाचा खडा. तो एक डोळा भोकाला लावून जेवतो. मी बोटं चाटते. मग दोन्ही झाकणं मी उचलते, फ्रॉकच्या घेरानं खसाखसा पुसते. छोटे हात, नखांत माती. मला ते हात धरायचे आहेत. मी सत्त्याहत्तर वर्षांची आहे, मला माहीत आहे काय होणार आहे, पण हात माझं ऐकत नाहीत. नवाचं झाकण दहाच्या डब्यावर बसतं. दहाचं नवाच्या. टक. टक. किती नीट बसवते ती पोरगी. कडेनं अंगठा फिरवून दाबतेसुद्धा.

"दादा, हे असंच झालं होतं का?"

"मला काय विचारतीस? आठवण तुझी दांडगी."

"तुला माहीत होतं? झाकणं मी बदलली ते?"

"झुणका लागला होता की कडेला. दुसरं कोण पुसणार इतकं वाईट?"

मला हसू येतं.

"मालक वर धावत आला, तुझी गचांडी धरली, तेव्हा का नाही सांगितलंस?"

"तुला परत केबिनला येऊ दिलं नसतं. मग माझी भाकरी कुणी आणली असती?"

"आणि तेराव्याला? तेराव्याला का गप्प बसलास?"

मशीनची टरटर मोठी झाली आहे. त्याच्या तोंडावर घाम आहे, पण तो पुसत नाही.

"तेराव्याला तू पोर नव्हतीस, गोदे," तो म्हणतो. "तुझं तुला सांगता आलं असतं."

खालून माणसांचा हुंदका ऐकू येतो, सगळ्यांचा मिळून एकच. आठवं रीळ चालू आहे. पोरं अंधारात एकमेकांना गोष्ट सांगत आहेत आणि बाप कुठेच नाही. नरूदादा नवाचं झाकण असलेला डबा उघडतो. आतल्या रिळाचं टोक हातभर सोडवतो.

"इकडं ये. ओठ ओला कर."

"कशाला?"

"कर म्हणतो ना. ऑपरेटरची बहीण आणि एवढं माहीत नाही! फिल्मच्या एका अंगाला चित्र असतं. अंधारात कसं ओळखायचं? ओठाला लावायची. चिकटते ती चित्राची बाजू."

तो फिल्म माझ्या खालच्या ओठाला लावतो. ती गार आहे, आणि लगेच चिकटते. त्याच अवस्थेत तो तिचं पुढचं टोक मशीनच्या फटीतून येणाऱ्या उजेडात धरतो. माझे डोळे तिकडे वळतात. एवढीएवढीशी चौकोनी चित्रं, एकाखाली एक. सगळ्यांत नदी. सगळ्यांत रिकामी होडी.

मला बोलता येत नाही, ओठ अडकला आहे. तरी मी विचारते, आणि त्याला ऐकू येतं.

"म्हणजे तुला दिसलं होतं."

"दर रीळ असंच बघून चढवतो मी. दिसलं."

"वेळ नव्हता?"

"दहा मिनिटं होती. दुसरा डबा हा असा पायाशी."

"मग?"

"मग काय." तो भोकातून खाली बघतो. तिथून बायकांचे बाक दिसतात, तिसऱ्या बाकावरचं आईचं डोकं दिसतं. "समाप्तनंतर अण्णा येतात का, ते बघायचं होतं मला. एकदा."

"सिनेमातला बाप होता तो, दादा."

"तेच की."

माझ्या छातीवरून काहीतरी उतरतं. अठ्ठावीस आणि अडतीस, सहासष्ट वर्षांचं काहीतरी. माझ्या हातून झाकणं चुकली, पण रीळ त्यानं जाणून चढवलं. म्हणजे तेराव्याला मी बोलले ते खोटं नव्हतं. म्हणजे उद्या मला काही सांगायची गरज नाही. इतकं हलकं वाटतं, की त्या हलकेपणाचीच मला भीती वाटते. एवढं माझ्या सोयीचं नरूदादा कधी बोलला होता? तो तर मेला तरी माझ्याविरुद्ध एक शब्द बोलला नव्हता, आणि स्वतःच्या बाजूनंही नाही.

"हे तू सांगतोयस," मी विचारते, "का मी तुझ्याकडून वदवून घेतेय?"

तो माझ्याकडे बघतो. आता केसही पांढरे झाले आहेत, डोळ्यांखाली दवाखान्यातली ती काळी वर्तुळं आहेत. तो उत्तर देणार असं वाटतं. पण मशीनचा आवाज बदलतो आणि त्याचा कान तिकडे वळतो.

"आठवं संपलं. सोड."

मी सोडत नाही. खरं तर मी धरलेलंच नाही, फिल्मच मला धरून आहे. तो तिला हिसका देतो. फार जोरात नाही, कामाच्या घाईतला. ओठ चर्रकन ओढला जातो.

पंखा दोनवर आहे. मिक्सर बंद झाला आहे. भिंतीवरचं घड्याळ तीन वीस दाखवतं.

तोंडात खारट चव आहे. मी बोट लावते, बोटाला रक्ताचा ठिपका. मोरीतल्या आरशासमोर जाऊन चष्मा लावते. खालच्या ओठाची साल निघाली आहे. ओठ फुटल्यावर निघते तशी वेडीवाकडी नाही. बोटाच्या पेराएवढी पट्टी, दोन्ही कडा सरळ. एप्रिल महिना आहे, ओठ फुटण्याचे दिवस कधीच सरले.

मी तशीच उभी राहून सरोजवहिनींना फोन लावते. बसले तर पुन्हा ‘बघते’ म्हणेन.

"काय हो वन्सं? झोपला नाहीत?"

"वहिनी, उद्या मी स्टेजवर काय सांगणार ते आधी तुम्हाला सांगते. त्या दिवशी डब्यांची झाकणं मी बदलली. आम्ही झाकणांवर भाकरी खाल्ली, मी ती पुसली आणि उलटसुलट बसवली. चूक दादाची नव्हती. माझी होती."

पलीकडे स्टीलचं भांडं ओट्यावर ठेवल्याचा आवाज येतो.

"हे तुम्हाला आज कळलं?"

"नाही," मी म्हणते. "आज नाही कळलं."

"तीस वर्षं, वन्सं. तेराव्याहून घरी आले ते दोन दिवस जेवले नाहीत. मी म्हटलं, बहीण आहे, बोलली असेल दुःखात. तर म्हणाले, नाही, गोदी बरोबर बोलली." त्यांचा श्वास ऐकू येतो. "यांना ठाऊक होतं का, झाकणं तुम्ही बदलली ते?"

माझ्या जिभेवर सगळं तयार आहे. झुणक्याची कड, दहा मिनिटं, पायाशी ठेवलेला डबा. ‘बरोबर बोलली’ म्हणाला, म्हणजे कदाचित खरंच. एक वाक्य बोलले तर अर्धं ओझं आत्ता या फोनवरून त्यांच्या घरी जाईल. पण ते मी झोपेत ऐकलेलं आहे. झाकणं तेवढी माझ्या हातांनी बसवलेली आहेत.

"विचारायचं राहून गेलं," मी म्हणते.

वहिनी फोन ठेवत नाहीत. मीही ठेवत नाही. बोलताना ओठ ताणला गेला आहे, आणि त्या सरळ पट्टीतून रक्ताचा आणखी एक थेंब वर येतो आहे.